मागची जागा आणि एक निकाली निघालेली याचिका

संपादक मंडळाची बैठक झाली तेव्हा विषय भराभर वाटले गेले. गणेशोत्सव एकाकडे, पाण्याच्या टाकीची रामकहाणी दुसऱ्याकडे, लिफ्ट बदलली त्याची हकीकत तिसऱ्याकडे. माझ्याकडे बघून कुणीतरी म्हणालं, "मॅडम, तुम्ही इतिहास शिकवायचात ना? मग मागच्या जागेची केस तुम्हीच लिहा." शाळेत तीस वर्षं पानिपत आणि पुणे करार शिकवणं वेगळं आणि स्वतःच्या सोसायटीचा इतिहास लिहिणं वेगळं. इथं साक्षीदार हयात आहेत आणि रोज जिन्यात भेटतात!

तरी हो म्हटलं, कारण गेल्या गणपतीत घडलेली एक गोष्ट डोक्यात होती. मागच्या जागेत मांडवाच्या खुर्च्या मांडता मांडता बी विंगमधल्या एका अकरावीतल्या मुलानं विचारलं, "आजी, ही जागा आपण केस जिंकून मिळवली ना?" मी म्हटलं, "नाही रे." "मग हरलो?" "तसंही नाही." तो गोंधळून माझ्याकडे बघत राहिला. त्याला खुर्च्या मांडायच्या होत्या, मला उत्तर सुचेना. आज ते सविस्तर लिहिते.

नव्या सभासदांसाठी आधी जागा सांगते. दोन्ही विंगच्या मागं, चिंचेच्या झाडापासून कंपाउंडच्या भिंतीपर्यंतची ही सुमारे सोळा गुंठे जमीन. आज तिथं घसरगुंडी आहे, कट्टा आहे, गांडूळखताचा खड्डा आहे. आपण १९९८ मध्ये राहायला आलो तेव्हा तिथं फक्त चिंच, गाजरगवत आणि वॉचमनची पत्र्याची खोली होती. बिल्डरनं दिलेल्या माहितीपत्रकात तिथं कारंजं काढलेलं होतं. करारनाम्याला जोडलेल्या नकाशात ती जागा 'मोकळी जागा' म्हणून दाखवली होती. मोकळी का, हे आपल्यापैकी एकानंही विचारलं नाही. तिथं काही बांधायची परवानगीच मिळत नव्हती, म्हणून ती मोकळी होती.

हे कळलं २००१ मध्ये. सोसायटीची नोंदणी जून १९९९ मधली. त्यानंतर दोन वर्षांनी आपले पहिले सेक्रेटरी अभिहस्तांतरणाच्या, म्हणजे कन्व्हेयन्सच्या मागं लागले. त्यांना सगळे काकाच म्हणायचे, मीही इथं काकाच म्हणते. काका सातबारा घेऊन माझ्याकडे आले. मी तेव्हा समितीवर होते, आणि समितीवर एकटीच बाई होते. 'इतर हक्क' या रकान्यात एक ओळ होती. नागरी जमीन कमाल धारणा कायद्याखाली सोळा गुंठे क्षेत्र अतिरिक्त ठरल्याची ती नोंद होती. काका म्हणाले, "अहो, आपण कारंज्याच्या जागेवर नाही, सरकारच्या जागेवर उभे आहोत."

हा कायदा काय होता, हे आज चाळिशीच्या आतल्यांना माहीत असण्याचं कारण नाही. पुण्यामुंबईतल्या जुन्या माणसांसमोर मात्र 'यूएलसी' म्हटलं की चेहरे बदलतात. आणीबाणीच्या काळात, १७ फेब्रुवारी १९७६ पासून तो महाराष्ट्रात लागू झाला. शहरात एका माणसाला किती मोकळी जमीन ठेवता येईल याची त्यात मर्यादा होती. मुंबईत ५०० चौरस मीटर, पुण्यात १००० चौरस मीटर. त्यावरची जमीन 'अतिरिक्त'. ती सरकारनं घ्यायची आणि सार्वजनिक हितासाठी, मुख्यतः गरिबांच्या घरांसाठी वापरायची, असा हेतू. मोबदला किती? मुंबई-पुण्यासारख्या शहरांत चौरस मीटरला जास्तीत जास्त १० रुपये, आणि एकूण रक्कम कितीही झाली तरी दोन लाखांच्या वर नाही. मी एकदा बसून हिशेब केला. आपल्या सोळा गुंठ्यांची, म्हणजे साधारण १६०० चौरस मीटरची किंमत १६,००० रुपये. सध्या आपण सिक्युरिटीला एका महिन्याला त्याहून जास्त देतो.

कायद्याविरुद्ध जमीनमालक सुप्रीम कोर्टात गेले. भीमसिंहजी खटल्यात कोर्टानं कायदा बहुतांशी वैध ठरवला. बांधलेली मिळकत मर्यादेच्या आत असली तरी ती विकायला परवानगी लागेल, असं सांगणारं कलम तेवढं, त्या मर्यादेपुरतं, रद्द झालं. पण कायदा वैध ठरला म्हणून जमिनी सरकारजमा होऊन घरं उभी राहिली, असं काही झालं नाही. प्रत्येक जमिनीमागं विवरणपत्र, मसुदा, हरकती, आदेश, अपील असा कागदांचा लांबलचक रस्ता होता. त्या रस्त्यावर शेवटी कोर्ट होतंच.

आपल्या जमिनीच्या मूळ मालकांनीही १९७६ मध्ये विवरणपत्र भरलं होतं. मोठं एकत्र कुटुंब, सज्ञान मुलं, सगळ्यांचे वाटे धरून पुढचा भाग त्यांना ठेवता आला. त्यावरच आपल्या इमारती उभ्या आहेत. मागची सोळा गुंठे अतिरिक्त ठरली, राजपत्रात आली, आणि 'ताबा द्या' अशी नोटीस निघाली. कुटुंबानं १९९३ मध्ये हायकोर्टात याचिका केली. त्यांचं म्हणणं असं की मोजणी चुकली आहे, एका बहिणीचा वाटा धरलेलाच नाही, आणि तो धरला तर काहीच अतिरिक्त उरत नाही. कोर्टानं याचिका दाखल करून घेतली आणि 'जैसे थे' असा अंतरिम आदेश दिला. जे जसं आहे ते तसंच ठेवा. सरकारनं ताबा घ्यायचा नाही, मालकानं विकायची नाही, कुणी बांधायचं नाही.

चिंचेखालचं गाजरगवत त्या आदेशाच्या आश्रयानं वाढत होतं, एवढंच म्हणायचं. आणि आपणही!

२००२ मध्ये आपण त्या याचिकेत हस्तक्षेप अर्ज दिला. खर्चासाठी प्रत्येक सदनिकेमागं वर्गणी काढली तेव्हा सर्वसाधारण सभेत जो गोंधळ झाला तो मी इथं लिहीत नाही. सकाळी सव्वासातची डेक्कन क्वीन, सीएसटीहून चालत फोर्टमधल्या हायकोर्टापर्यंत, दिवसभर बाकावर, आणि संध्याकाळच्या डेक्कन क्वीननं परत. काका, मी, आणि कधी ए विंगमधले एक निवृत्त अभियंते. कोर्टाच्या भाषेतले दोन शब्द आम्ही तिथंच शिकलो. 'बोर्डावर आहे' म्हणजे आज आपला नंबर यादीत आहे. 'रीच झालं नाही' म्हणजे यादी तिथपर्यंत पोचली नाही. बहुतेक दिवस दुसऱ्या शब्दावर संपायचे. काकांना गाडीतलं ऑम्लेट फार आवडायचं, आणि घरी मनाई होती. केस लांबली याचं काकूंना जेवढं दुःख होतं तेवढं काकांना नसावं, अशी आम्हा दोघांना शंका होती.

दरम्यान एक मजेशीर गोष्ट होती, ती आमच्या वकिलांनी पहिल्याच भेटीत सांगितली. ज्या कायद्याखाली हे सगळं चाललं होतं तो कायदा संसदेनं आधीच रद्द केला होता! जानेवारी १९९९ मध्ये अध्यादेश निघाला आणि मार्चमध्ये त्याचा कायदा झाला. म्हणजे आपली सोसायटी नोंदली गेली तेव्हा मूळ कायदा दिल्लीत संपलेला होता. मग महाराष्ट्रात तो जिवंत कसा?

त्याचं कारण राज्यघटनेत आहे. जमीन हा राज्यांचा विषय. १९७६ चा कायदा संसदेनं केला तो काही राज्यांच्या विधिमंडळांनी 'तुम्ही करा' असा ठराव दिल्यावर, अनुच्छेद २५२ खाली. म्हणून तो मागं घ्यायचा तरी राज्याचा ठराव लागतो. हरियाणा आणि पंजाबनं ठराव दिले होते, त्यामुळं तिथं आणि केंद्रशासित प्रदेशांत कायदा लगेच गेला. बाकी राज्यं आपापल्या वेळेनं आली. महाराष्ट्राला आठ वर्षं लागली. केंद्राच्या शहर नूतनीकरण अभियानातून पैसे हवे असतील तर हा कायदा रद्द करा, अशी अट डिसेंबर २००५ पासून होती. शेवटी २९ नोव्हेंबर २००७ ला महाराष्ट्रानं रद्द करणारा कायदा स्वीकारला.

त्या संध्याकाळी काकांनी पेढे आणले. मी वकिलांना फोन केला. ते म्हणाले, "पेढे ठेवा डब्यात. अजून ताब्याचं बघायचंय."

इथं जरा बारकाईनं वाचावं, कारण सगळं इथंच आहे. रद्द करणाऱ्या कायद्यात दोन कलमं महत्त्वाची. चौथं कलम सांगतं की जुन्या कायद्याखालच्या आदेशांबद्दल कुठल्याही कोर्टात किंवा प्राधिकरणासमोर जे काही पडून असेल ते सगळं संपुष्टात येईल. वकिली भाषेत 'अबेट' होईल. पण तिसरं कलम सांगतं की जी अतिरिक्त जमीन सरकारकडे निहित झाली आहे आणि जिचा ताबा सरकारनं घेतलेला आहे, ती सरकारचीच राहील. म्हणजे प्रश्न बदलला. सोळा गुंठे अतिरिक्त ठरवणं बरोबर की चूक, बहिणीचा वाटा धरायचा की नाही, हे चौदा वर्षांचे प्रश्न एका रात्रीत निरुपयोगी झाले. आता एकच प्रश्न: २९ नोव्हेंबर २००७ च्या आधी कुणी प्रत्यक्ष ताबा घेतला होता का?

राज्यभर अशा शेकडो फायली होत्या, आणि बऱ्याच ठिकाणी भांडण याच एका शब्दावर आलं. राजपत्रात जमीन सरकारजमा झाल्याचं छापून आलं म्हणजे ताबा गेला का? की माणूस जाऊन उभा राहायला हवा, पंचनामा, ताबापावती व्हायला हवी? याचं उत्तर सुप्रीम कोर्टानं मार्च २०१३ मध्ये उत्तर प्रदेशातल्या हरिराम खटल्यात दिलं. राजपत्रातल्या घोषणेनं कागदावर हक्क जातो, पण प्रत्यक्ष ताबा म्हणजे प्रत्यक्ष ताबा. मालकानं आपणहून दिलेला असला पाहिजे, नाहीतर कायद्यातल्या रीतीनं सरकारनं घेतलेला असला पाहिजे. तो घेतलेला नसेल तर कायदा रद्द झाल्याचा फायदा मालकाला.

आपल्या फायलीत ताब्याची नोटीस होती, ताबापावती नव्हती. जैसे थे आदेशामुळं पुढं काही करताच आलं नव्हतं. सरकारतर्फे प्रतिज्ञापत्र आलं त्यात 'प्रत्यक्ष ताबा घेतलेला नाही' असं सरळ लिहिलेलं होतं.

२०१३ च्या पावसाळ्यात मॅटर रीच झालं. मी घड्याळात पाहिलं होतं, चार मिनिटं लागली. कुटुंबाचे वकील उठले, सरकारी वकील उठले, आपले उठले. न्यायमूर्तींनी प्रतिज्ञापत्राचं पान बघितलं, दोन प्रश्न विचारले आणि आदेश सांगायला सुरुवात केली. वीस वर्षांच्या भांडणाचा आदेश दीड पानाचा. त्यातला एक इंग्रजी शब्द मला तेवढा ऐकू आला, तोही पहिल्यांदा नीट कळला नाही: इन्फ्रक्च्युअस.

बाहेरच्या व्हरांड्यात काकांनी वकिलांना विचारलं, "म्हणजे आपण जिंकलो?"

"याचिका निष्फळ झाली. निकाली निघाली."

"पण बहिणीचा वाटा धरायला हवा होता की नाही? ते बरोबर होते की सरकार?"

"ते आता कोर्ट बघत नाही."

काका गप्प झाले. परतीच्या गाडीत त्यांनी ऑम्लेट घेतलं नाही, हे मला लख्ख आठवतंय. माणूस बारा वर्षं एखादी फाइल काखेत घेऊन फिरतो तेव्हा त्याला जागेइतकंच उत्तरही हवं असतं.

काकांची निराशा मला समजत होती, तरी कोर्टाचं चुकलं असं मला तेव्हाही वाटलं नाही. नंतर मी यावर बरंच वाचलं. निवृत्त मास्तरणीला वेळ असतो. कोर्ट हे दोन पक्षांमधला चालू तंटा सोडवायला असतं. तंटाच उरला नाही, किंवा निकाल देऊनही कुणाच्या हातात काही पडणार नसेल, तर कोर्ट सहसा मत देत बसत नाही. मागितलेली गोष्ट मिळून गेली, मुदत उलटून गेली, कायदाच गेला, अशी त्याची कारणं. ज्या परीक्षेला बसू द्या म्हणून अर्ज केला ती परीक्षा होऊन गेली. ज्याला सोडा म्हणून याचिका केली तो सुटून घरी आला.

१९७४ मध्ये सुप्रीम कोर्टासमोर ओडिशातल्या एका आमदाराच्या निवडणुकीचं अपील आलं. तो निवडून यायला पात्र होता की नाही, हा वाद. अपील चालू असतानाच विधानसभा बरखास्त झाली. कोर्ट म्हणालं, आता तो पात्र होता की नव्हता हे ठरवणं केवळ पुस्तकी चर्चा ठरेल, म्हणून त्यात शिरत नाही. मात्र त्याच वेळी कोर्टानं एक फरक सांगितला. आरोप भ्रष्ट मार्गानं निवडून आल्याचा असता तर गोष्ट वेगळी, कारण त्यातून पुढच्या निवडणुकांसाठी अपात्रता येते. म्हणजे विधानसभा गेली तरी त्या माणसाच्या बाबतीत काहीतरी शिल्लक राहतं. शिल्लक काय राहतं, हाच सगळा प्रश्न.

आणि कधीकधी कोर्ट संपत आलेल्या गोष्टीवरही बोलतं. पुण्याच्या वाड्यांत वाढलेल्यांना याचं उदाहरण जवळचं वाटेल. माझं बालपण सदाशिव पेठेतल्या वाड्यात गेलं. आमचं भाडं इतकं कमी होतं की मालक ते मागायलाही येत नसत आणि वाड्याला चुनाही लावत नसत. १९४७ च्या मुंबई भाडे नियंत्रण कायद्यात जुन्या जागांचं प्रमाण भाडं १ सप्टेंबर १९४० च्या भाड्याला बांधलेलं होतं. मालकांनी त्याला आव्हान दिलं. मालपे विश्वनाथ आचार्य या खटल्यात १९ डिसेंबर १९९७ ला सुप्रीम कोर्टानं म्हटलं की ही भाडी गोठवणारी कलमं एके काळी ठीक असतील, पण काळ बदलला, आता ती न्याय्य राहिलेली नाहीत. तरीही ती रद्द केली नाहीत. का? कायद्याची मुदत ३१ मार्च १९९८ ला संपणार होती, नवा कायदा येऊ घातला होता. थोड्याच दिवसांत जे आपोआप संपणार ते रद्द कशाला करायचं. म्हणजे मालकांना उत्तर मिळालं, हातात काही मिळालं नाही. आमच्या बरोबर उलट! (पुढं जुन्या कायद्याला मुदतवाढ मिळाली आणि नवा भाडे नियंत्रण कायदा ३१ मार्च २००० पासून आला, ही निराळी गोष्ट.)

अलीकडचं म्हणाल तर नोटाबंदी. नोव्हेंबर २०१६ चा निर्णय, आणि याचिकांची सुनावणी घटनापीठापुढं २०२२ मध्ये. तोवर जुन्या नोटा कुणाच्या आठवणीतही नव्हत्या. आता हा विषय केवळ पुस्तकी उरला आहे, असं सरकारतर्फे सांगण्यात आलं. पण कोर्टानं तो ऐकला, आणि २ जानेवारी २०२३ ला चार विरुद्ध एक असा निकाल दिला. नोटा काही परत येणार नव्हत्या. तरी असा निर्णय घ्यायची रीत कोणती, हा प्रश्न पुढंही उपयोगी होता. बहिणीचा वाटा धरायचा की नाही हा आपला प्रश्न मात्र कायद्याबरोबरच मेला. त्यावर कुणाचा वेळ खर्च करायचा?

हे सगळं मी काकांना नंतर एकदा समजावलं. ते म्हणाले, "तुमचं पटतंय. पण माझं समाधान होत नाही." ते २०१८ मध्ये गेले. समाधान शेवटपर्यंत झालं नव्हतं.

आता त्या दीड पानाकडे परत येते, कारण खरी धावपळ त्यानंतर झाली. आदेशाची प्रमाणित प्रत हातात आली तेव्हा शेवटची ओळ वाचून माझ्या पोटात गोळा आला. याचिका निकाली निघाल्यामुळं अंतरिम आदेशही संपुष्टात आला आहे, अशा अर्थाची ती ओळ. साहजिकच आहे. मुख्य झाड पडलं की फांदी कशी राहील? पण इतकी वर्षं ज्या जैसे थे आदेशाखाली आपण निवांत बसलो होतो, ते छप्पर त्या दिवशी निघालं. सातबाऱ्यावरची 'अतिरिक्त' ही नोंद तशीच होती, कारण ती काढा असं कोर्टाला कुणी सांगितलंच नव्हतं. आणि दुसरी भीती जास्त मोठी होती. कायदा गेला, सरकारचा दावा गेला, म्हणजे जमीन आपली झाली का? नाही. ती मूळ मालकांची झाली. आता ती मोकळी, भर वस्तीतली, आणि चौरस मीटरला दहा रुपयांची नव्हे तर कोट्यवधींची होती. कुटुंबानं किंवा बिल्डरनं तिथं तिसरी इमारत काढायची म्हटली असती तर आपल्याला पुन्हा पहिल्यापासून कोर्टात जावं लागलं असतं.

आपल्याला वाचवलं ते आदेशातल्या दुसऱ्या परिच्छेदातल्या एका वाक्यानं. सरकारी वकिलांचं 'प्रत्यक्ष ताबा घेतलेला नाही' हे निवेदन कोर्टानं नोंदवून घेतलं होतं. आपल्या वकिलांनी उठून, एवढं तरी आदेशात येऊ द्या, अशी विनंती केली होती. मला त्या चार मिनिटांत ते कळलंही नव्हतं. याचिकेत जे मागितलं होतं त्यातलं काहीच त्या आदेशात नाही. हे एक वाक्य मात्र आहे, आणि पुढं प्रत्येक खिडकीवर आम्ही त्याच्याखाली लाल रेघ मारून झेरॉक्स दिली.

सातबाऱ्यावरची नोंद कमी व्हायला अडीच वर्षं लागली. कुठल्या कार्यालयात किती खेपा झाल्या ते लिहीत नाही. एक साहेब म्हणायचे, "याचिका डिसमिस झाली म्हणजे तुम्ही हरलात, नोंद कशी काढू?" त्यांना निष्फळ आणि फेटाळलेली यातला फरक समजावण्यात एक उन्हाळा गेला. बिल्डरची भागीदारी संस्था तोवर विसर्जित झाली होती, सही करायला कुणी सापडेना. मोफा कायद्यातल्या २००८ च्या दुरुस्तीनं मानीव अभिहस्तांतरणाची सोय झालेली होती, तो अर्ज आपण केला. मूळ कुटुंबाला नोटीस गेली. मी हरकतीची वाट बघत होते. वाद ज्यांच्या वाट्यावरून होता त्या आजी त्या वेळी नव्वदीच्या पुढं होत्या. त्यांच्या घरी आम्ही तिघं गेलो. त्यांनी चहा दिला आणि म्हणाल्या, "आम्ही पुढची जमीन दिली तेव्हा मागची बाग लोकांची असं ठरलं होतं. सरकारनं माझा वाटा मोजला नाही एवढंच माझं भांडण होतं." कुटुंबाकडून हरकत आली नाही. २०१६ मध्ये अभिहस्तांतरण झालं, मागच्या जागेसकट.

त्यांचा वाटा धरायला हवा होता की नाही, हे कुठल्याच कागदावर नाही.

आणखी एक गोष्ट आहे. ती लिहावी की नाही याचा मी आठवडाभर विचार केला. पेढे वाटले गेले त्या वर्षी, कट्ट्याच्या पायाभरणीला, वॉचमनची पत्र्याची खोली काढली. वॉचमनची बायको आपल्या तीन घरांत काम करायची. तिला कट्ट्याशेजारच्या नारळाच्या कार्यक्रमाला बोलावलं होतं. ती जागा कशी सुटली, कायदा काय होता, हे मी तिला हौसेनं सांगितलं. सगळं ऐकून घेऊन ती म्हणाली, "म्हणजे ताई, इथं आमच्यासारख्यांची घरं व्हायची होती." चेष्टेनं म्हणाली की खरंच, मला अजून ठरवता आलेलं नाही. नारळ फोडायची वेळ झाली, आणि बोलणं तिथंच राहिलं. ते दोघं नंतर नदीपलीकडे राहायला गेले. आता त्यांची मुलगी आपल्याकडे कामाला येते, दोन बस बदलून.

ती घरं तशीही झाली नसती, असं आपल्यातले काहीजण म्हणतील. कदाचित खरंही असेल. यूएलसीच्या कागदांत अडकलेल्या जमिनींपैकी फार थोड्यांवर घरं उभी राहिली, हा त्या कायद्यावरचा नेहमीचा आरोप आहे आणि तो निराधार नाही. पण याचिका चालली असती, बहिणीचा वाटा न धरणं बरोबर ठरलं असतं, तर त्या सोळा गुंठ्यांवर कुणाचा हक्क होता हे निदान लिहून आलं असतं. ते लिहून आलं नाही, आणि आपण तिथं घसरगुंडी बसवली. मी स्वतः नातीला तिथं घेऊन जाते. मला ती जागा हवीच होती. हे दोन्ही एकदम खरं आहे.

२०१३-१४ च्या वार्षिक अहवालात काकांनी आधी 'मागच्या जागेचा दावा जिंकला' असं लिहिलं होतं. सर्वसाधारण सभेत मी हरकत घेतली, बरीच वादावादी झाली, आणि शेवटी 'याचिका निकाली निघाली, जागेचा ताबा सोसायटीकडे कायम' असं छापलं गेलं. काकांनी सही केली, पण माझ्याशी चार दिवस बोलले नाहीत.

या विषयाचे सगळे कागद ऑफिसमधल्या लोखंडी कपाटात, दुसऱ्या कप्प्यात, हिरव्या फायलीत आहेत. १९९३ च्या याचिकेची प्रत, जैसे थे आदेश, सरकारचं प्रतिज्ञापत्र, २०१३ च्या आदेशाची प्रमाणित प्रत, नोंद कमी केल्याचा फेरफार आणि अभिहस्तांतरणाचा दस्त. मी अनुक्रमणिका करून वरच लावली आहे. प्रमाणित प्रत एकच आहे. झेरॉक्ससाठी नेताना रजिस्टरमध्ये नाव आणि तारीख लिहावी, आणि त्याच दिवशी परत आणून ठेवावी.